आधी कोण कमी झालं ते सांगा

शमीमआपांच्या कॉम्प्युटरमधल्या एकोणीस वर्षांच्या फायली गेल्या वर्षी दिवाळीनंतरच्या दुसऱ्या मंगळवारी, सकाळी पावणेबारा ते सव्वाबाराच्या दरम्यान उघडेनाशा झाल्या. फायली लग्नपत्रिकांच्या होत्या. वरवट बकाल, सोनाळा आणि मधल्या गावांतल्या घरांच्या. त्यांची प्रत बाहेरच्या डिस्कवर होती. तीही त्याच अर्ध्या तासात गेली. फाल्गुनात दुकान बंद झालं.

दुकान म्हणजे बस स्टँडकडून बाजाराकडे जाताना डाव्या हाताला, शिलाई मशीन दुरुस्तीच्या दुकानाला लागून असलेली आठ बाय दहाची खोली. बोर्डावर वडिलांच्या प्रेसचं नाव होतं. प्रेस विकून बरीच वर्षं झाली होती. शमीमआपा बारा वर्षांच्या असल्यापासून त्या प्रेसमध्ये अक्षरांचे शिशाचे खिळे जुळवत. खिळे उलटे वाचावे लागतात, त्यामुळे समोर बसलेल्या माणसापुढचा कागद त्या आपल्या बाजूनं उलटाच सहज वाचत. पुढे कॉम्प्युटर आला. तेव्हापासून त्या अक्षरजुळणी करून छपाईसाठी लागणारी पारदर्शक कागदावरची ट्रेसिंग काढून देत. छपाई शेगावला होई. लग्न त्यांनी केलं नाही. काऊन केलं नाही, असं एका गिऱ्हाइकानं विचारलं तेव्हा त्या म्हणाल्या होत्या, "पत्रिका कोन केली असती?"

मी त्या वेळी एका दैनिकाचा गावचा वार्ताहर होतो. बातम्या त्यांच्याकडे टाईप करून घेत असे. निधनवार्ता मी त्यांना सांगे, किंवा त्या मला सांगत. बहुतेक वेळा त्याच मला सांगत.

गिऱ्हाईक आलं की ते आधी मुहूर्त सांगायला लागे. आपा हात वर करत. "तारीख मंग सांगा. घरात कोनी कमी झालं काय, ते सांगा आंधी."

हा प्रश्न त्या सोळा वर्षांपासून विचारत होत्या. त्याला एक कारण होतं.

सोनाळ्याच्या ढगे यांच्याकडे धाकट्या मुलीचं लग्न होतं. आपांनी दोन वर्षांपूर्वीची मधल्या मुलीची फाईल उघडली, नवरीचं नाव बदललं, नवरदेवाचं घराणं बदललं, तारीख बदलली. सगळेच असं करतात. मधल्या काळात मुलींचे वडील रामभाऊ वारले होते. पत्रिकेत 'श्री. रामभाऊ ढगे यांची कन्या' तसंच राहिलं. घरी पत्रिका आल्या. रामभाऊंच्या पत्नी जिजाबाईंना वाचता येत नव्हतं. त्यांनी नातवाकडून वाचून घेतली. नवऱ्याचं नाव आलं तेव्हा त्या म्हणाल्या, पुन्हा वाच. मग म्हणाल्या, अजून एकदा वाच.

आपांना निरोप दुपारी मिळाला. संध्याकाळच्या एसटीनं त्या सोनाळ्याला गेल्या. सोबत 'कै.' छापलेल्या कागदाच्या पट्ट्या आणि डिंकाची बाटली होती. ढगेंच्या अंगणात बसून त्यांनी एकेका पत्रिकेवरच्या 'श्री.'वर पट्टी चिकटवली. जिजाबाई शेजारी बसून पत्रिका हातात देत होत्या. शेवटची पत्रिका त्यांनी दिली नाही.

"हे एक राहू दे तशीच," त्या म्हणाल्या.

आपांनी ती तशीच राहू दिली. त्यानंतर त्यांनी दोन नियम केले आणि ते कधी मोडले नाहीत.

पहिला नियम हजेरीचा. प्रूफ कागदावर दाखवायचं नाही, मोठ्यानं वाचायचं. त्या एकेक नाव घेत आणि घरातल्या माणसानं उत्तर द्यायचं. हयात असेल तर "हाव". नसेल तर "गेले". मध्ये कोणी फोनवर बोलायला लागलं तर त्या पहिल्या नावापासून पुन्हा सुरू करत. एका नवरदेवाच्या मामांनी वैतागून म्हटलं होतं, "आपा, शाळेत बी एवढी हजेरी नोती हो." आपा म्हणाल्या, "म्हूनच तुमी नापास झाले, भाऊ," आणि पहिल्या नावापासून सुरू केलं.

दुसरा नियम लोकांना माहीत नव्हता. कोणी वारल्याचं कळलं की त्याच दिवशी किंवा दुसऱ्या दिवशी त्या ते नाव ज्या ज्या फायलीत असेल ती प्रत्येक फाईल उघडत आणि दुरुस्त करत. पत्रिका छापायची असो वा नसो. लग्न चार वर्षांनी असो वा कधीच नसो. मशिदीच्या भोंग्यावरून कळे, कंडक्टर सांगे, दाढी करून आलेला माणूस सांगे. हिंदू घर असेल तर कै., मुसलमान घर असेल तर मरहूम, बौद्ध घर असेल तर कालकथित. मयत पुरुष असेल तर त्याच्या बायकोच्या नावामागचं सौ. काढून श्रीमती.

"एक मानूस गेला का दोन नावं बदलतात," त्या म्हणत.

एकदा मी विचारलं की हे आधीच कशाला करता. त्या म्हणाल्या, "लग्नाच्या घाईत याद राहत नाई. कागदावर मेलेला जित्ता झाला त घरात रडारड होते. जित्ता मेला त गावात भांडन होते." मग चष्मा दोरीवर सोडून त्या पाणी प्यायल्या. इथल्या खाऱ्या पाण्यानं स्टीलच्या पेल्यावर पांढरा थर धरला होता. तो त्या दर शुक्रवारी लिंबानं घासत आणि पुढच्या शुक्रवारपर्यंत तो परत येई.

अकरा वर्षांपूर्वी ढगे पुन्हा आले. या वेळी रामभाऊंचा थोरला मुलगा उत्तम याच्या मुलीचं लग्न होतं. धाकटा समाधान तेव्हा गावचा सरपंच होता. निमंत्रकांत पहिलं नाव कोणाचं, यावर घरात आठ दिवस बोलणं बंद होतं. उत्तमभाऊ सकाळी एकटे दुकानात आले आणि म्हणाले, बाप मी हाव, नाव माहं पहिलं. समाधानभाऊ दुपारी एकटे आले आणि म्हणाले, सरपंचाचं नाव खाली छापलं त लोक काय म्हनतीन. दोघांनाही आपा "बरं" म्हणाल्या.

त्यांनी दोन फायली केल्या, दोन ट्रेसिंग काढल्या. अर्ध्या पत्रिकांत उत्तम पहिला, अर्ध्यांत समाधान. वाटपाची गावं भावांनी आधीच वाटून घेतली होती. प्रत्येकाला त्याचा गठ्ठा मिळाला. दोघांनी आपापली पत्रिका पाहिली आणि दोघं घरी बोलायला लागले. दुसऱ्या ट्रेसिंगचे पैसे आपांनी लावले नाहीत. मला त्यांनी हे सांगितलं आणि पुढे म्हणाल्या, "छापजो नको, पेपरवाले." मी छापलं नाही.

आता कॉम्प्युटरबद्दल. दुकानात दोन होते. एक लॅपटॉप, अकोल्यात राहणाऱ्या भाच्यानं दिलेला. त्यावर इंटरनेट होतं, लोकांचे ऑनलाईन अर्ज त्यावर भरले जात. दुसरा जुना, काळवंडलेल्या डब्याचा. त्यात जुनी ऑपरेटिंग सिस्टीम होती, जी बनवणाऱ्या कंपनीनं कधीच सोडून दिली होती. पण आपांचं मराठी टायपिंगचं सॉफ्टवेअर फक्त तिच्यावर चाले. त्या सॉफ्टवेअरचं एक छोटं कुलूप डब्याच्या मागे खोचलेलं असे. आपा त्याला ताईत म्हणत. ज्यानं ते विकलं त्याचा फोन लागत नव्हता. नव्या सिस्टीमवर त्या फायली उघडल्या तर नावांच्या जागी चौकटी आणि इंग्रजी चिन्हं दिसत. जुन्या कॉम्प्युटरला इंटरनेट कधीच जोडलं नव्हतं.

या सॉफ्टवेअरची एक खोड या भागातल्या प्रत्येक डीटीपीवाल्याला माहीत आहे. ते कळफलकावरची प्रत्येक कळ मध्येच अडवून तिचं मराठी करतं. अँटीव्हायरसला हे चोरासारखं वाटतं. तो लाल पाटी दाखवतो आणि फाईल काढून टाकतो. म्हणून विकणारा माणूस पहिल्या दिवशी शिकवून जाई: टाकायच्या आधी अँटीव्हायरस बंद करायचा. एकोणीस वर्षांत आपांनी तो किती वेळा बंद केला असेल ते सांगता येणार नाही. त्यांचं एक वाक्य ठरलेलं होतं. "अँटीव्हायरसले मराठी समजत नाई."

दिवाळीनंतरच्या पहिल्या आठवड्यात जुना कॉम्प्युटर बिघडला. चालू होई, पहिलं चित्र दाखवी आणि पुन्हा बंद होऊन चालू होई. शेगावचा मेकॅनिक प्रशांत येऊन पाहून गेला. डिस्क चांगली आहे, फायली जागेवर आहेत, सिस्टीम तेवढी मोडली, पुन्हा टाकावी लागेल, असं त्यानं सांगितलं. आपांकडची मूळ सीडी चालली नाही. तिच्यावर ओरखडे होते. प्रशांत म्हणाला, शुक्रवारी कोणाकडून तरी चांगली सीडी आणतो, तोवर थांबा. त्यानं डिस्क काढून एका केबलनं लॅपटॉपला जोडून दिली. बाहेरची डिस्कही जोडली आणि म्हणाला, आधी एक ताजी प्रत काढून घ्या.

तुळशीचं लग्न झालं होतं. चार घरांच्या पत्रिका अडल्या होत्या.

त्या मंगळवारी साडेअकराला मी दुकानात होतो. प्रत काढणं सुरू होतं. हिरवी पट्टी हळूहळू पुढे सरकत होती. तेवढ्या वेळात आपांनी लॅपटॉपवर जुन्या सिस्टीमचं नाव टाकून शोधलं. पहिल्याच पानावर ती फुकट मिळत होती. पानावर खूप बटणं होती. खरं कोणतं ते शोधायला त्यांना तीन वेळा मागे यावं लागलं. फाईल उतरली. ती उघडायचा पासवर्ड त्याच पानावर लिहिला होता. खाली इंग्रजीत सूचना होत्या. आपांनी त्या बोटानं वाचल्या. पहिली सूचना होती, उघडण्याआधी अँटीव्हायरस बंद करा.

"पाहा," त्या मला म्हणाल्या. "मानसाले काम माहीत आहे."

अँटीव्हायरसनं लाल पाटी दाखवलीच. ती मीही पाहिली. आपांनी तो बंद केला आणि फाईल उघडली. काही झालं नाही. त्यांनी पुन्हा उघडली. पुन्हा काही झालं नाही.

"फसवी निंघाली वाटते," त्या म्हणाल्या. चहा सांगितला. चहा आला, प्यायला. प्रत काढणारी हिरवी पट्टी थांबली होती. आपांनी डिस्क उघडून पाहिलं तर प्रत्येक फाईलच्या नावापुढे एक लांबलचक इंग्रजी शेपूट लागलं होतं. त्यांनी एक उघडून पाहिली, उघडली नाही. दुसरी उघडली नाही. त्या ओळीनं एकेक पाहत गेल्या. मग बाहेरच्या डिस्कवर गेल्या. तिथेही तसंच होतं. प्रत्येक कप्प्यात एक नवीन चिठ्ठी होती. तीत लिहिलं होतं की फायली कुलपात आहेत आणि किल्ली हवी असेल तर पैसे कुठे पाठवायचे.

आपांनी दोन्ही केबली काढल्या. तेव्हा सव्वाबारा वाजले होते.

प्रशांत संध्याकाळी आला. त्यानं सगळं पाहिलं आणि स्टुलावर बसला.

"शुक्रवारपर्यंत थांबा म्हनलं होतं न, आपा."

"हाव."

"जुनी सिस्टीम टाकून राह्यले त टाका. पन कोनाच्याही पानावरून काऊन घेता? अन् घेतली त घेतली, दोन्ही डिस्का जोडेल असतांनी उघडली. जे मूळ मालकानं सोडून देल्लं, ते लोकं असंच उचलतात, आतमंधी भरतात काहीतरी अन् फुकट वाटतात. ज्याले गरज आहे तोच येते न तिथं."

"मले वाटलं नेहमीसारखी लाल पाटी आहे."

पैसे पाठवू नका, एवढं सांगून प्रशांत गेला. आपांनी पाठवले नाहीत.

दुसऱ्या दिवशी त्या पोलीस ठाण्यात गेल्या. अर्ज मी लिहून दिला होता. जमादारानं विचारलं, काय गेलं.

"नावं," आपा म्हणाल्या.

"नावं त लोकाइजोळच आहेत न, आपा. तुमच्या इथून कशी जातीन?"

अर्ज घेतला गेला आणि पोच मिळाली. तो जिल्ह्याला पाठवला गेला. आपांनी ज्या पानावरून ती फाईल उतरवली होती, ते पंधरा दिवसांनी मी उघडून पाहिलं. उघडलं नाही.

आपांनी लॅपटॉपवर नव्या पद्धतीचं मराठी टायपिंग सुरू केलं. कळांच्या जागा वेगळ्या होत्या. ज्या पत्रिकेला एक तास लागे तिला दिवस लागू लागला. येणाऱ्या प्रत्येकाला त्या सांगत, घरातली जुनी पत्रिका शोधून आणा, तिच्यावरून पुन्हा बनवते. लोकांनी आणल्या. ट्रंकेतल्या, देवाच्या फोटोमागच्या, कोपऱ्यांना हळदकुंकू लागलेल्या. महिनाभरात टेबलावर हातभर उंचीचा गठ्ठा झाला.

आपा एक दिवस तो चाळत होत्या. म्हणाल्या, "याच्यात सगळे जित्ते आहेत."

पत्रिका ज्या दिवशी छापल्या त्या दिवसाच्या होत्या. त्यानंतर कोण गेलं ते फक्त फायलींत होतं. आपा आठवून वहीत लिहू लागल्या. गावानुसार एकेक पान. पहिल्या आठवड्यात पानं भरली. नंतर त्या एखाद्या नावापाशी थांबत आणि मला विचारत, "हा मानूस गेला का आहे, पेपरवाले?" मला काही नावं सांगता आली. काही आली नाहीत.

पौषात वरवटच्या वानखडे यांची पत्रिका निघाली. हजेरीला मुलीचे आजोबा आले होते. आपांनी नावं वाचली. आजोबांना कमी ऐकू येतं. ते प्रत्येक नावाला "हाव, हाव" म्हणत गेले. पूर्वी असं झालं असतं तर हरकत नव्हती, कारण फाईल आधीच दुरुस्त असे. मुलीचे मामा दीड वर्षापूर्वी गेले होते. पत्रिकेत ते हयात छापले गेले.

चार दिवसांनी मामी दुकानात आल्या. पत्रिका त्यांनी टेबलावर ठेवली आणि एका ओळीवर बोट ठेवलं.

"आपा, मी सौ. आहो काय अजून?"

आपांनी ओळ वाचली. उठून उभ्या राहिल्या. पत्रिका परत द्या, मी पट्ट्या चिकटवते, असं म्हणाल्या. पत्रिका वाटून झाल्या होत्या. मामी म्हणाल्या, "तुमच्या इथं असं होत नाई म्हून आमी इथं येतो," आणि गेल्या. त्या रागावून बोलल्या नव्हत्या.

आपांनी हातातली कामं परत केली. शेगावची दोन दुकानं त्यांनी स्वतःच सुचवली. तिथे मोबाईलवर पत्रिका बनवून देतात. त्यानंतर त्यांनी एकच पत्रिका घेतली. तिचा शब्द आधी दिलेला होता.

ती समाधान ढगे यांच्या मुलीची होती. समाधानभाऊ श्रावणात वारले होते. त्याच्या दुसऱ्या दिवशी आपांनी ढगेंच्या सगळ्या फायली उघडून कै. लावलं होतं, त्यांच्या पत्नी वंदनावहिनींच्या नावामागे श्रीमती केलं होतं. ते मी पाहिलं होतं. आता त्या फायली नव्हत्या. आपांनी निरोप पाठवला होता की जुनी पत्रिका घेऊन या.

माघात एका दुपारी उत्तमभाऊ आले. सोबत समाधानभाऊंच्या पत्नी वंदनावहिनी होत्या. मी अर्जाची पोच परत द्यायला गेलो होतो. उत्तमभाऊंनी खिशातून आपल्या मुलीच्या लग्नाची पत्रिका काढून टेबलावर ठेवली. वंदनावहिनींनी पिशवीतून त्याच लग्नाची, त्यांच्या घरी राहिलेली काढून शेजारी ठेवली. आपांचा हात मध्ये गेला, पण पत्रिका ठेवून झाल्या होत्या.

उत्तमभाऊंनी चष्मा लावला. एक वाचली. मग दुसरी वाचली.

"हे काय व्हय?"

"दोन केल्या होत्या म्या," आपा म्हणाल्या.

"काऊन?"

"तुमी दोघं बी येऊन गेले होते. सकाऊन तुमी, दुपारी ते."

उत्तमभाऊंनी दोन्ही पत्रिका जवळ सरकवल्या. "म्हंजे त्यानं मले अकरा वर्षं..."

"त्याइले बी नंतरच समजलं, दादा," वंदनावहिनी म्हणाल्या. "माह्या माहेरी तुमची गेली होती एक. तिथं पाह्यली त्याइनं. मले म्हने, दादाले सांगजो नको. दादाले वाटू दे त्याचंच पहिलं आहे."

बाजूच्या दुकानात शिलाई मशीनचं चाक फिरवून पाहत होते. ते थांबलं आणि पुन्हा सुरू झालं.

आपांनी लॅपटॉप पुढे ओढला. "नावं घेते. निमंत्रक." दोन पत्रिकांपैकी उत्तमभाऊंची त्यांनी समोर धरली. "उत्तम रामभाऊ ढगे."

"हाव."

"समाधान रामभाऊ ढगे."

आपांनी नाव पुन्हा घेतलं.

"गेले," वंदनावहिनी म्हणाल्या.

"त्याचं वर घ्या," उत्तमभाऊ म्हणाले.

"निमंत्रकात कै. चालत नाई, उत्तमभाऊ. ते नवरीच्या नावापुढं, 'कै. अमक्याची कन्या' असं येते. मेलेला मानूस लग्नाले बलावत नाई."

"बलावते. लिवा तुमी."

आपांनी वंदनावहिनींकडे पाहिलं. त्यांनी मान हलवली. आपांनी एक बोट वापरून, कळ शोधत, कै. टाईप केलं. बाकीची नावं घेतली. चौदा नावांना "हाव" आलं, दोहोंना "गेले". सगळी झाल्यावर त्यांनी पहिल्या नावापासून पुन्हा वाचलं.

पत्रिका दोनशे छापल्या. निमंत्रकांत पहिलं नाव कै. समाधान रामभाऊ ढगे, दुसरं उत्तम रामभाऊ ढगे. ट्रेसिंग एकच काढली. फाईल एकच केली.